अकरा तारखेचं पत्र

पत्र मीच टाईप केलं होतं.
जॉर्जटाऊनच्या बंदर कचेरीत, खिडकीपासून दुसऱ्या टेबलावर,
वर पंखा, भिंतीवर पायाशी जुन्या पुराची रेघ.
'कॉम्प्टन रॉडनी, नावाडी, पारिका ते बार्टिका,
परवाना आजपासून रद्द.
कारण: तक्रार प्राप्त.'
खाली तारीख घातली अकरा.
सुनावणी चौदाला होती.

साहेब म्हणाले, राहू दे गं व्हर्लिन,
चौदाला पुन्हा कोण टाईप करत बसणार.
मी राहू दिली.

चौदाला तो पहाटेच्या ओहोटीवर निघून आला.
इस्त्रीचा शर्ट, कॉलरशी एसेक्विबो नदीचा तपकिरी डाग,
काखेत बिस्किटांचा पत्र्याचा डबा.
डब्यात बावीस वर्षांच्या वह्या:
वाळू कुठून कुठे सरकली,
कोणता खडक कोणत्या महिन्यात डोकं वर काढतो,
कोण कुठे उतरलं, कोणाचे पैसे राहिले.
सोबत लोकोनो वस्तीतल्या मिसेस हर्क्युलीस,
साक्ष द्यायला आलेल्या.
त्यांना बाकावर बसवलं.
कचेरी बंद होईपर्यंत त्या बाकावरच होत्या.

चार मिनिटं. टिपणं माझ्याकडे होती म्हणून सांगते.
त्यानं विचारलं, तक्रार कोणाची?
गोपनीय.
बरं, तक्रार कसली?
तुम्हाला ठाऊक असेलच.
त्यानं डबा पुढे ओढला. झाकण गंजून बसलेलं,
तो नखांनी उचकटत होता
तेवढ्यात ड्रॉवरमधून पत्र निघालं.

तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात
त्याचा आवाज होत नाही. पंखा फिरत असतो.
कोणीतरी चहाचं विचारतं.

त्यानं पत्र वाचलं, पुन्हा वाचलं,
एका जागी बोट ठेवलं,
आणि साहेबांकडे नाही, माझ्याकडे पाहिलं.
बोट अकरावर होतं.

सात महिने त्याची होडी काठावर ओढून ठेवलेली,
तळाचं शेवाळ वाळून पापुद्रे सुटले.
कोर्टानं मला बोलावलं. मी खरं तेच सांगितलं.
यात शौर्य काही नाही;
खोटं मला टाईप करता येतं, शपथेवर बोलता येत नाही.
न्यायाधीश बाईंनी दोन्ही तारखा शेजारी शेजारी लिहिल्या,
बराच वेळ बघत राहिल्या.
मग म्हणाल्या, आधी ऐका. ठरवायचं ते नंतर.
नावाडी बरा की वाईट,
त्याबद्दल त्या अवाक्षर बोलल्या नाहीत.

दुसऱ्या खेपेला साहेब नवे.
तक्रार मोठ्यानं वाचली गेली, तक्रारदाराच्या नावासकट:
सव्वीस ऑगस्टची रात्र, दहाच्या होडीत चौदा माणसं.
मिसेस हर्क्युलीस सावकाश बोलल्या,
मध्येच थांबून पाणी प्यायल्या, कोणी घाई केली नाही.
सुनेला कळा सुटल्या होत्या. दवाखाना बार्टिकाला.
तिची आई उतरेना, बहिणी उतरेनात,
दुसरी होडी सकाळशिवाय नव्हती.

मग रॉडनीनं डबा उघडला. वेळ लागला.
आम्ही सगळे त्या झाकणाकडे बघत बसलो.
त्यानं त्या रात्रीचं पान काढलं
आणि स्वतःचंच अक्षर वाचून दाखवलं:
'माणसं चौदा. जॅकेटं दहा. चूक.'

तीन महिने निलंबन. दंड वेगळा.
हे पत्रही मीच टाईप केलं,
सगळ्यांचं सगळं बोलून झाल्यावर, दिवे लागताना,
आणि तारीख घातली त्याच दिवसाची.
त्यानं सही केली. म्हणाला,
"बाई, आज शिक्षा मिळाली.
मागच्या वेळी नुसतं पत्र मिळालं होतं."

पारिकाहून तो दुसऱ्याच्या होडीत बसून गेला, उतारू म्हणून.
मिसेस हर्क्युलीस नंतर सांगत होत्या,
बसायच्या आधी त्यानं डोकी मोजली,
मग जॅकेटं मोजली,
मग डबा मांडीवर घेऊन गप्प बसला.